एअर सस्पेन्शनचा एक कोपरा वर राहतो? शॉकअप बदलण्याआधी हाइट सेन्सर तपासा

प्रश्न थोडक्यात असा आहे: पहिल्या पिढीची ऑडी क्यू ७, २०११चं मॉडेल. गेल्या पावसाळ्यानंतर पुढचा डावा कोपरा उजव्यापेक्षा उचललेला दिसतो. सस्पेन्शनचा पिवळा दिवा येतो, गाडी बंद करून पुन्हा चालू केली की कधी जातो, कधी राहतो. एखाद्या सकाळी तोच कोपरा खाली बसलेला असतो. कॉम्प्रेसर पूर्वीपेक्षा जास्त वेळ घरघरतो. गॅरेजने पुढचा डावा एअर शॉकअप आणि कॉम्प्रेसर, दोन्ही बदलायला सांगितलं आहे. बदलावं का?

आत्ता काहीही बदलू नका. तुम्ही दिलेल्या लक्षणांशी गॅरेजचं निदान जुळत नाही. हवा गळणारा शॉकअप कोपरा खाली बसवतो, तो कोपरा कधीच वर उचलत नाही. आणि जो कॉम्प्रेसर एका कोपऱ्यात गरजेपेक्षा जास्त हवा भरू शकतो, तो हवा तयार करतोय हे उघड आहे. तो जास्त वेळ चालत असेल तर त्याला कोणीतरी चालवतंय. तो कोण, हे शोधायचं आहे. माझा पहिला संशय हाइट सेन्सरवर किंवा त्याला जोडणाऱ्या लिंक रॉडवर आहे.

सस्पेन्शन चालवणाऱ्या कंट्रोल युनिटला गाडी दिसत नाही. त्याला चार कोपऱ्यांतून चार आकडे येतात, आणि त्या आकड्यांवरून ते हवा भरायची की सोडायची हे ठरवतं. सेन्सर गाडीच्या फ्रेमला बसवलेला असतो. त्याची लहानशी दांडी लिंक रॉडने कंट्रोल आर्मला, म्हणजे चाकाबरोबर वर-खाली होणाऱ्या भुजेला, जोडलेली असते. चाक वर-खाली झालं की दांडी फिरते आणि सिग्नल बदलतो. आता दांडी वरच्या बाजूला अडकली किंवा रॉड निसटून ती वरच राहिली, तर युनिटला वाटतं की कोपरा बसलाय. ते हवा भरतं. कोपरा वर जातो, पण आकडा हलत नाही. आणखी हवा. शेवटी ठरावीक वेळ संपते, युनिट हार मानून दिवा लावतं. या खटपटीत कॉम्प्रेसर तापतो, कारण हे छोटे कॉम्प्रेसर सलग चालण्यासाठी बनवलेलेच नाहीत. एक रॉड महिनोन्महिने दुर्लक्षित राहिला तर पुढे कॉम्प्रेसर खरोखरच जातो. मग शॉकअप आणि कॉम्प्रेसर बदलून गाडी पुन्हा तशीच वाकडी उभी राहते आणि मालक हताश होतो.

सकाळी खाली बसण्याचं काय? त्यामुळे बहुतेकजण लगेच गळतीच्या निष्कर्षावर येतात. गळती असूही शकते. पण अनेक एअर सस्पेन्शन गाड्यांचं युनिट गाडी बंद केल्यावरही मधूनमधून जागं होऊन उंची तपासतं आणि कोपरा जास्त वर वाटला तर हवा सोडतं. सेन्सर दिवसा 'खाली आहे' आणि रात्री 'वर आहे' असं सांगत असेल, तर शॉकअप धडधाकट असूनही गाडी सकाळी बसलेली मिळते. हे वेगळं करायला सोपी चाचणी आहे. संध्याकाळी चारही कोपरे मोजून लिहून ठेवा आणि लेव्हल कंट्रोलचा, म्हणजे उंची सांभाळणाऱ्या यंत्रणेचा, फ्यूज काढा (कोणता, ते तुमच्या गाडीच्या फ्यूज चार्टमध्ये पाहा). वीज नसताना हवेचे व्हॉल्व्ह बंदच राहतात, त्यामुळे रात्रभर कोणी हवा सोडू शकत नाही. सकाळी पुन्हा मोजा. फ्यूज नसताना कोपरा बसला, तर गळती खरी; साबणाचं पाणी घेऊन शॉकअप, वरचा जोड आणि व्हॉल्व्ह ब्लॉक (चारही कोपऱ्यांच्या हवेचे व्हॉल्व्ह असलेला ठोकळा) तपासा. फ्यूज काढल्यावर जागेवर राहिला, तर शॉकअपला दोष देऊ नका. एका रात्रीत कळतं आणि खर्च शून्य.

मोजायचं कसं, यावर जरा थांबतो, कारण बाकी सगळं यावर उभं आहे. गाडी सपाट जमिनीवर हवी. सोसायटीच्या पार्किंगला पाणी वाहून जाण्यासाठी उतार असतो, तो डोळ्याला दिसत नाही. अलाइनमेंटवाल्याचा प्लॅटफॉर्म चांगला. टायर चारही एकाच मापाचे, हवा बरोबर, डिकी रिकामी. चाकाच्या मध्यबिंदूपासून सरळ वर मडगार्डच्या कमानीच्या कडेपर्यंत मिलिमीटरमध्ये मोजा. जमिनीपासून मोजू नका, टायरची झीज त्यात घुसते. डावं-उजवं, पुढचं-मागचं, चारही लिहा. फक्त 'वर दिसणारा' कोपरा मोजून भागत नाही, कारण गाडीचा एक कोपरा चुकला की तिरक्या रेषेत समोरासमोर असलेल्या दोन कोपऱ्यांवर भार सरकतो. चार पायांच्या टेबलाचा एक पाय लांब झाला की डोलतो तो वेगळाच कोपरा, तसंच इथे होतं. डोळ्याला डावा पुढचा वर दिसतोय, पण मूळ गडबड उजव्या मागच्यात असू शकते. आणखी एक: त्या बाजूचं मडगार्ड अपघातानंतर बदललेलं असेल तर कमानीची कडच काही मिलिमीटर इकडेतिकडे असते. सेकंडहँड गाडीत हा प्रश्न आवर्जून विचारा.

आता स्कॅनर. इंजिनचे कोड वाचणारा स्वस्त ओबीडी रीडर इथे उपयोगाचा नाही. सस्पेन्शनचं युनिट उघडणारा हवा. क्यू ७ साठी व्हीसीडीएस (फोक्सवॅगन-ऑडी गाड्या तपासायचं सॉफ्टवेअर) असलेला कोणीही हे करू शकतो, त्यात लेव्हल कंट्रोलच्या युनिटचा पत्ता ३४. कोडमध्ये सेन्सर नावाने येतात: जी ७८ पुढचा डावा, जी २८९ पुढचा उजवा, जी ७६ मागचा डावा, जी ७७ मागचा उजवा. एक सूचना, कोड वाचायच्या आधी बॅटरी तपासा. व्होल्टेज कमी असेल तर युनिट भलतेच कोड साठवतं, आणि तुमच्या गाडीसारखी जुनी, मोठी गाडी कमी चालत असेल तर बॅटरी अर्धमेली असण्याची शक्यता मोठी.

कोडवर थांबू नका. कोड सांगतो की त्या सर्किटमध्ये काहीतरी पटत नाही. सेन्सर मेलाय असं तो सांगत नाही. थेट आकडे उघडा आणि तुमच्या टेपच्या आकड्यांशेजारी लिहा. सगळं निदान या दोन रांगांमध्ये आहे.

टेप म्हणते कोपरा वर आणि स्कॅनरही म्हणतो वर: मग सेन्सर खरं बोलतोय. युनिटला कळतंय, पण हवा सोडता येत नाही. व्हॉल्व्ह ब्लॉककडे जा, सेन्सरला हात लावू नका. टेप म्हणते वर, स्कॅनर म्हणतो सगळं ठीक किंवा खाली: सेन्सर, रॉड, ब्रॅकेट किंवा कॅलिब्रेशन (युनिटला शिकवलेली उंचीची मापं) यांपैकी कोणीतरी खोटं बोलतंय. तुमच्या गाडीत मला हेच अपेक्षित आहे. यात आणखी बारकावा पाहा. फरक कायम तेवढाच राहतो का? गाडी वर-खाली करून प्रत्येक उंचीवर, समजा, २० मिलिमीटरचाच फरक येत असेल, तर सेन्सर नीट फिरतोय, फक्त त्याचा शून्य सरकलाय. ब्रॅकेट वाकलाय किंवा कोणीतरी मागे चुकीचं कॅलिब्रेशन केलंय. गाडी वर-खाली केली तरी आकडा गोठलेलाच राहतो, तर रॉड निसटलाय किंवा दांडी जाम आहे. आकडा उगाच उड्या मारतो, तर कपलर (सेन्सरला वायर जोडणारा प्लग) किंवा वायर.

आकडे पाहताना गोंधळ करणारी एक गोष्ट आहे. बऱ्याच ऑडींमध्ये चारही सेन्सर एकाच रचनेचे असतात आणि डाव्या-उजव्या बाजूला आरशातल्यासारखे बसतात. त्यामुळे गाडी खाली जाताना एका बाजूचं व्होल्टेज वाढतं आणि दुसऱ्या बाजूचं कमी होतं. ते बघून 'हा उलटा चाललाय' म्हणून चांगला सेन्सर फेकून दिलेला मी पाहिला आहे. मिलिमीटरचा आकडा मिळत असेल तर तोच बघा, व्होल्टेज नंतर.

यानंतर गाडीखाली जायचं, पण कसं ते आधी वाचा. हवेवर उभी असलेली गाडी म्हणजे आधार नव्हे. सेन्सर हलवला की युनिट त्याच क्षणी हवा सोडू शकतं आणि दोन टनांहून जड गाडी तुमच्या अंगावर बसते. जॅक मोड (जॅक लावताना युनिटला उंची बदलू न देणारी सेटिंग) लावा, गाडी लिफ्टवर किंवा भक्कम स्टँडवर घ्या, आणि दांडी हाताने हलवायच्या चाचणीआधी गाडीचं वजन स्टँडवरच आहे याची खात्री करा. 'फक्त एकदा डोकावतो' म्हणूनही उभ्या गाडीच्या चाकाच्या कमानीत डोकं घालू नका. यात मला कोणाचीही सवलत मान्य नाही.

पहिली नजर रॉडवर. दोन्ही टोकांना छोटे बॉल जॉइंट असतात आणि आपल्याकडे मरतात ते बहुतेक हेच. चिखल आणि पाणी रबरी टोपीतून आत जातं, बॉल गंजतो, सांधा आवळतो. दोन बोटांनी रॉड धरून हलकेच फिरवा. चांगला सांधा मलईसारखा मऊ फिरतो आणि आत खेळ नसतो. गेलेला सांधा एकतर कट्-कट् करत अडतो, नाहीतर ढिला लागतो. टोपीच्या कडेला तांबूस भुकटी दिसते. ती भुकटी दिसली की पुढचं निदान जवळजवळ झालंच. पूर्ण आवळलेला सांधा रॉड वाकवतो, नाहीतर दांडीच तोडतो. कोकणातल्या गाड्यांमध्ये आणि समुद्राकाठी उभ्या राहणाऱ्यांमध्ये हे लवकर होतं. वॉशिंग सेंटरमध्ये खालून जोरात मारलेल्या पाण्यानेही तेच होतं. चाकाच्या कमानीत आत, सेन्सरवर रोखून प्रेशर मारू नका असं धुणाऱ्याला सांगत जा.

दुसरी गोष्ट, दांडीची दिशा. दोन खांबांच्या लिफ्टवर गाडी उचलली की चाकं पूर्ण खाली लोंबतात. रॉडचा सांधा झिजलेला असेल तर तेव्हा रॉड आणि दांडी एका रेषेत येऊन पलीकडे उलटतात. गाडी खाली उतरल्यावर दांडी चुकीच्या बाजूने फिरते: गाडी वर, आकडा खाली. टायर बदलायला किंवा सर्व्हिसिंगला गेल्यानंतर लगेच ही तक्रार सुरू झाली असेल, तर आधी दांडी दुसऱ्या बाजूच्या दांडीशी ताडून बघा. उलटली असेल तर फक्त पुन्हा बरोबर बाजूला आणायची असते. रॉड मात्र नवा घाला, नाहीतर पुन्हा उलटेल.

रॉड चांगला निघाला, तर तो दांडीपासून सोडवा. खालचा बॉल तसाच ठेवून वरचा सांधा पान्याच्या टोकाने उचकटता येतो, हातोडी नको. एकजण स्कॅनरवर, दुसरा दांडी हळूहळू एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत नेतो. आकडा सलग, न अडखळता चढला पाहिजे. हा फेरा दोनदा करा, दुसऱ्यांदा दांडीला बाजूने हलकासा दाब देऊन. आसाच्या बेअरिंगमध्ये खेळ झाला असेल तर दाब देताच आकडा उडतो. दाब न देता तो सेन्सर पास होऊन जातो आणि रस्त्यावर पुन्हा त्रास देतो.

इथे जुन्या-नव्यातला फरक माहीत असलेला बरा. १९९४च्या रेंज रोव्हर पी ३८ सारख्या गाड्यांचे सेन्सर आतून रेडिओच्या आवाजाच्या बटणासारखे, म्हणजे पट्टीवर घासणारे. ती पट्टी झिजते नेमकी तिथे, जिथे गाडी सर्वांत जास्त वेळ असते, म्हणजे नेहमीच्या उंचीवर. म्हणून तो सेन्सर वरच्या आणि खालच्या टोकाला छान आकडे देतो आणि मधल्या दोन-चार अंशांतच गडबडतो. मधला भाग मुंगीच्या पावलाने तपासा. तुमच्या क्यू ७ मधले सेन्सर कॉइलवर, न घासता चालतात. ते आतून झिजत नाहीत. त्यांना मारतं ते पाणी, गंज आणि जाम झालेला आस. म्हणून तुमच्या गाडीत इलेक्ट्रॉनिक्सपेक्षा बाहेरचे सांधे आणि कपलर यांच्यावर जास्त वेळ घालवा.

कपलर काढा, आत टॉर्च मारा. हिरवट पापुद्रा असेल तर पिनचा संपर्क गेलाय. वायर जिथे कपलरमध्ये शिरते तिथे चिमटीत धरून हलकी ओढा. आतून कुजलेली वायर इन्सुलेशनमध्ये रबरासारखी ताणली जाते. उंदरांचे दात तर पार्किंगमधल्या प्रत्येक गाडीत शोधावेच लागतात. मग इग्निशन चालू करून मल्टिमीटरने पाहा: कपलरच्या वायरिंगच्या बाजूला सुमारे ५ व्होल्ट पुरवठा, चांगलं अर्थिंग, आणि कपलर जोडल्यावर सिग्नल साधारण अर्ध्या व्होल्टपासून साडेचार व्होल्टच्या आत, मध्यावर अडीचच्या आसपास. कोणती पिन कशाची हे तुमच्या मॉडेलच्या वायरिंग डायग्राममध्येच पाहा, अंदाजाने टोचू नका. ५ व्होल्टच येत नसतील तर नवा सेन्सर घालून काहीच होणार नाही. आणि एकाच वेळी दोन-तीन सेन्सरचे कोड आले, तर सगळे सेन्सर एकदम गेले असं समजू नका. काही गाड्यांत पुरवठा सामाईक असतो आणि एक शॉर्ट झालेला सेन्सर बाकीच्यांनाही खाली ओढतो. एकेक कपलर काढत जा. ज्याचा काढल्यावर व्होल्टेज परत येतं, तो दोषी.

बदलण्याचं काम स्वतः छोटं आहे. जुन्या सेन्सरचा फोटो काढा, दांडी कोणत्या बाजूला आणि कोणत्या कोनात आहे ते दिसेल असा. बोल्ट गंजलेले असतील तर आदल्या दिवशी गंज सोडवणारा स्प्रे मारून ठेवा. ॲल्युमिनियमच्या ब्रॅकेटमध्ये तुटलेला बोल्ट काढायला सेन्सर बदलण्यापेक्षा कितीतरी जास्त वेळ जातो. नवा सेन्सर घेताना पार्ट नंबर शेवटच्या अक्षरापर्यंत जुळवा. दिसायला सारखे सेन्सर आतून वेगळे असू शकतात आणि रॉड-ब्रॅकेट बाजूनुसार बदलतात. जुन्या बाजारातला सेन्सर मी कधीच बसवायला सांगत नाही, त्याने किती पावसाळे पाहिलेत हे कोणाला ठाऊक नसतं. रॉड सेन्सरबरोबर नवाच घ्या. एक पाहून घ्या: आधीच्या मालकाने गाडी खाली किंवा वर दिसावी म्हणून कमीजास्त होणारे रॉड लावलेले असतील तर ते काढून मूळ लांबीचे घाला, नाहीतर कुठलंही कॅलिब्रेशन टिकणार नाही. कपलर बसवण्याआधी पिना साफ करा, रबरी सील जागेवर आहे का पाहा, वायर पूर्वीच्याच क्लिपमध्ये अडकवा, चाक पूर्ण वळवल्यावर ती ताणत नाही ना ते बघा.

आता कॅलिब्रेशन. अनेक गॅरेजं हे टाळतात आणि 'नवा सेन्सर टाकूनही फरक पडला नाही' अशी तक्रार इथूनच येते. नवा सेन्सर जुन्याच्या जागी अगदी त्याच कोनात बसत नाही. दांडीवरचा एखादा अंशाचा फरकही चाकाशी काही मिलिमीटर होतो. म्हणून युनिटला प्रत्यक्ष मापं शिकवावी लागतात: सपाट जमीन, दारं बंद, बॅटरीला चार्जर, गाडीत कोणी नाही. टेपने मोजलेले चारही कोपरे एकेक करून भरायचे आणि शेवटी पक्के करायचे. क्यू ७ मध्ये हे पुरं झालं नसेल तर ०१४३७ हा कोड राहतो, म्हणजे नियंत्रणाची स्थिती शिकवलेली नाही. इथे प्रत्यक्ष मोजलेला आकडा भरायचा असतो, हवाहवासा वाटणारा नाही. आपल्याला ४० मिलिमीटर वर हवी म्हणून खोटा आकडा भरणारे आहेत. त्याने गाडी वर राहते, पण शॉकअपची हालचाल एका बाजूने संपते आणि ड्राइव्ह शाफ्टचा कोन बिघडतो. डिस्कव्हरी ३ सारख्या गाड्यांत मोजण्याआधी युनिटला काटेकोर मोडमध्ये न्यावं लागतं, नाहीतर मापं घेताना गाडी हलत राहते. जुन्या एस क्लाससारख्या काही मर्सिडीजमध्ये मागे दोनऐवजी एकच सेन्सर असतो, तो मागच्या अँटी-रोल बारवरून (दोन्ही चाकांना जोडणाऱ्या आडव्या दांड्यावरून) उंची घेतो. तिथे मागचे दोन कोपरे वेगवेगळे शोधत बसू नका.

झेनॉन हेडलाइटची उंचीसुद्धा याच सेन्सरांवर चालते. कॅलिब्रेशननंतर पत्ता ५५ मध्ये हेडलाइटचं बेसिक सेटिंग करून भिंतीवर प्रकाशाची रेषा तपासा, नाहीतर रात्री समोरच्याच्या डोळ्यांत उजेड जातो. व्हील अलाइनमेंट याच्या नंतर, आधी नाही. उंची चुकीची असताना केलेलं अलाइनमेंट त्या चुकीच्या उंचीचंच असतं.

तुमच्यासाठी क्रम असा ठेवा: आज संध्याकाळी टेप आणि फ्यूजची चाचणी, उद्या सकाळी पुन्हा टेप. त्यानंतर व्हीसीडीएस असलेल्या माणसाकडे जाऊन चार आकडे जुळवा. फरक पुढच्या डाव्यात निघाला तर लिफ्टवर रॉड, मग दांडी, मग कपलर. रॉड निघाला तर रॉड बदलून कॅलिब्रेशन करा आणि आठवडाभर गाडी चालवा. कॉम्प्रेसरचा आवाज पूर्ववत आला नाही, गाडी उचलायला वेळ लागत राहिला, तर मात्र कॉम्प्रेसर खरंच थकलाय. तेव्हा त्याचा रिलेही (त्याला वीज देणारा-तोडणारा स्विच) त्याच्याबरोबर बदला. सतत चालून त्याचे पॉइंट चिकटलेले असू शकतात, आणि चिकटलेला रिले नव्या कॉम्प्रेसरलाही जाळतो.